मंडळाच्या देखाव्याला विक्रांत की विक्रमादित्य?

यंदा विमानवाहू नौकेचा देखावा करायचा असं तुमच्या मंडळात ठरलं असेल, तर पुढचं भांडण ठरलेलंच आहे: कोणती करायची? आमच्या भुसावळच्या गल्लीत हे भांडण दोनदा झालं आणि दोन्ही नौका करून झाल्या. २०१९ ला विक्रमादित्य, २०२३ ला विक्रांत. तेव्हा पुढचं सगळं हाताला फेविकॉल लागलेल्या माणसाचं मत समजा. नौदलातलं कुणी वाचत असेल तर चुकलंमाकलं पोटात घालावं.

आकडे तुम्ही काढले असतीलच. देखाव्यापुरतं कामाचं एवढंच की विक्रमादित्य जवळपास २८४ मीटर आणि विक्रांत २६२. पन्नासास एक असं माप धरलं तर पहिली साडेअठरा फुटांवर जाते, दुसरी सतरा फुटांत आटोपते. कागदावर हा दीड फूट काहीच वाटत नाही. आमच्याकडे नेमका त्या दीड फुटात विजेचा खांब आला. मग मांडव तिरपा घेतला, त्याचं एक टोक शेजारच्या ओट्यावर गेलं, आणि त्या ओट्याच्या काकू आजही वर्गणीची पावती फाडताना तो विषय काढतात.

सामान दोन्हीला सारखंच लागतं. थर्माकोल बंद झाल्यापासून आम्ही रावेरकडून केळीचे पुठ्ठ्याचे खोके आणतो. पुठ्ठा मजबूत असतो, फक्त भाद्रपदाच्या ओलीत कडा उकलतात. पुढचा चढ दोन्हींत आहे, उतरणाऱ्या विमानाला अडवायच्या तीन-तीन तारा दोन्हींत आहेत. तिथे डावं-उजवं करण्यासारखं काही नाही.

निवेदनाला मात्र विक्रमादित्य भारी, हे मान्य करतो. गोष्टच तशी आहे. रशियाचं जुनं गोर्शकोव्ह हे जहाज २००४ च्या करारात आपण घेतलं, तीच ही विक्रमादित्य. जहाज फुकट, फक्त दुरुस्तीचे पैसे द्या, असा तो सौदा. दुरुस्तीचा आकडा ९७.४ कोटी डॉलरवरून शेवटी २३५ कोटी डॉलरवर गेला. हे वाक्य आलं की गर्दीतून हमखास हशा येतो, कारण जुना ट्रॅक्टर घेऊन पस्तावलेला एक तरी माणूस तिथे असतोच. त्यात २०१२ च्या समुद्री चाचण्यांत बॉयलरच्या आतलं विटांचं अस्तर टिकलं नाही आणि जहाज जवळजवळ वर्षभर आणखी लांबलं. आमचे वडील वाफेच्या इंजिनांच्या काळातले, लोको शेडचे. त्यांनी निवेदन ऐकून फक्त मान हलवली आणि म्हणाले, ‘वीट बसवणारा माणूस बसवणाराच लागतो.’ शिवाय विक्रमादित्य वाफेवर चालते, म्हणून धुराड्यात धूप जाळायला निमित्त मिळतं. पोरं त्या धुरावर खूश होती. पुठ्ठ्याच्या जहाजात निखारा ठेवणं हा शहाणपणा नव्हता, ते वेगळं. विक्रांतची चारही इंजिनं गॅस टर्बाइनची, त्यामुळे धूप बाद.

आता ज्या एका गोष्टीने माझं मत फिरलं ती. लिफ्ट.

खालच्या हँगरमधून विमान डेकवर आणणारी लिफ्ट हाच या देखाव्याचा जीव. बाकी सगळं स्तब्ध असतं, हलतं ते हेच. विक्रमादित्यच्या दोन्ही लिफ्टा डेकच्या आतल्या भागात आहेत, एक मनोऱ्याच्या बाजूला, दुसरी त्याच्या मागे. म्हणजे आपल्याला डेकच्या मधोमध भोक पाडावं लागतं आणि मोटर जाते जहाजाच्या पोटात. आम्ही जुन्या जीपची वायपर मोटर लावली होती. तिसऱ्या दिवशी ऐन आरतीच्या वेळी तिची दांडी निसटली. आत शिरेल एवढा बारीक एकच पोरगा होता, सहावीतला. तो तोंडात मोबाइलची बॅटरी धरून सरपटत गेला, दांडी बसवली, आणि वरून मिग-२९के थेट त्याच्या डोक्यात पडलं. पुढचे सात दिवस रोज एकदा हेच. पोराच्या आईने पाचव्या दिवशी मला रस्त्यात गाठलं.

बरं, लिफ्ट चालू असली तरी दिसते कुणाला? माणसं रस्त्यावर उभी, डेक त्यांच्या डोळ्यांच्या पातळीत, मध्ये मनोरा आडवा. भोक दिसत नाही, लिफ्ट दिसत नाही, एकदम विमान हजर. अमळनेरकडून आलेले एक आजोबा बराच वेळ बघत राहिले आणि म्हणाले, ‘इमान कथाईन उनं भाऊ?’ मी बोट दाखवलं. त्यांना अर्थातच काही दिसलं नाही. एवढ्या रात्री जागलो, शेवभाजीवर मंडळाचे पैसे उडवले, आणि पाहणाऱ्याला जादूचा प्रयोग वाटला.

विक्रांतच्या दोन्ही लिफ्टा उजव्या कडेला आहेत, एक मनोऱ्याच्या पुढे, एक मागे. उजवी बाजू रस्त्याकडे केली की काम झालं. हँगरचं तोंड दिसतं, त्यातून विमान लिफ्टवर येताना दिसतं, वर चढताना दिसतं. मोटर बाहेरच्या बाजूला, प्लायच्या झडपेमागे. दहा दिवसांत दोनदा अडकली, दोन्ही वेळा रस्त्यावर उभं राहून स्क्रू ड्रायव्हरने सोडवली. मोजमाप विचाराल तर माझ्याकडे एवढंच आहे.

लिफ्ट आखूड पडते, हे खरं. मिगचे पंख मिटणारे करा, मागून कापडी पट्टी चिकटवली की बिजागरी होते. कुणी राफेल-एमचा हट्ट धरेल, कारण एप्रिल २०२५ मध्ये २६ विमानांचा करार झाला. त्याचे पंख मिटतच नाहीत, तेव्हा ते सरळ डेकवर उभं करून ठेवा.

विक्रांतचा खरा त्रास नावाचा आहे. ‘ही तर मुंबईत भंगारात काढली ना?’ हे दहा दिवसांत किती वेळा ऐकलं, मोजदाद नाही. भंगारात गेली ती याच नावाची जुनी नौका, १९६१ ला नौदलात आलेली, इंग्लंडची बांधणी, १९९७ ला निवृत्त. त्या लोखंडातलं थोडं वापरून बजाजने व्ही नावाची मोटारसायकल काढली होती, आणि आमच्या गल्लीतली तशी एक गाडी नेमकी देखाव्यासमोर उभी असायची. आधी वैताग आला, मग आम्ही तिलाच हार घातला आणि निवेदनात ओढलं.

नवीचं निवेदन थोडं सपक होईल अशी भीती होती. कोचीनच्या गोदीत बांधली, सुमारे २० हजार कोटी खर्च, हे ऐकून टाळ्या पडत नाहीत. पण पोलादाची गोष्ट चालली. रशियाकडून यायचं पोलाद अडलं, तेव्हा हैदराबादच्या धातू प्रयोगशाळेने सेल या सरकारी पोलाद कंपनीबरोबर ते इथेच तयार केलं. आमच्या प्रेक्षकांत निम्मे रेल्वेचे, उरलेल्यांत बरेच वरणगावच्या आयुध निर्माणीतले. माल बाहेरून अडला की काय होतं ते त्यांना समजावून सांगावं लागत नाही. आणि २ सप्टेंबर २०२२ ला ती नौदलात दाखल झाली तो गणपतीचा तिसरा दिवस होता. त्याच कार्यक्रमात शिवाजी महाराजांच्या राजमुद्रेवरून घेतलेला अष्टकोन असलेला नवा ध्वज आला. मांडवात टीव्हीवर ते बघतानाच आमच्या खजिनदाराने पुठ्ठे मोजायला घेतले होते.

तुमची गल्ली रुंद असेल, डेक वरून बघायला समोर गच्ची असेल आणि धुराची हौस असेल तर विक्रमादित्य जरूर करा, मी अडवणार नाही. तिचा मनोरा आमच्या माळ्यावर अजून धड आहे, घेऊन जा. फक्त सहावीतलं एक बारीक पोरगं तुमचं तुम्ही बघा.