‘कम्प्लीट गेको किट’ घ्यायच्या आधी माझं हे वाचा

लेपर्ड गेको (पालीच्या जातीचा, पाळता येणारा एक प्राणी) घरी आणला तेव्हा मला त्याच्याबद्दल दोनच गोष्टी माहीत होत्या, एक म्हणजे त्याला पापण्या असतात (बहुतेक गेकोंना नसतात, ते जिभेने डोळे चाटतात) आणि दुसरं म्हणजे तो पालीसारखा काचेवर चढत नाही कारण त्याच्या बोटांना ते चिकटणारे पॅडच नसतात. बास. एवढ्या ज्ञानावर मी विकत घ्यायला गेले, आणि विकणाऱ्याला ते दोन मिनिटांत कळलं असणार.

“ताई, सुटं सुटं काही घेत बसू नका, कम्प्लीट किट आहे. घरी न्या, प्लग लावा, झालं.” काचेची टाकी, खाली टाकायची कॅल्शियमवाली वाळू, हीट मॅट (टाकीखाली ठेवायची तापणारी चटई), ‘यूव्हीबी’ बल्ब (उन्हातल्यासारखे अतिनील किरण देणारा), काचेला चिकटवायचा गोल काट्याचा थर्मामीटर, कॅल्शियम पावडरची डबी, आणि वर गिफ्ट म्हणून आतून गरम होणारा दगड, तो हीट रॉक. मी तर खूशच, म्हटलं माणूस चांगलाय, गिफ्टपण देतोय. जोडी घ्या, एकटा उदास होतो असंही म्हणाला, ते मात्र मी घरच्यांच्या भीतीने टाळलं आणि आज त्याचं बरं वाटतं, कारण हे एकटेच राहणारे प्राणी आहेत, दोन नर एकत्र ठेवले तर एकमेकांना फाडतात आणि माद्यांचंही पटेलच असं नाही.

मी विचारलं होतं हां, अगदीच बावळट नव्हते. हीट मॅट जास्त तापली तर? त्याने वायरमधलं बटण दाखवलं, त्यात लाल दिवा होता, म्हणाला हे ऑटो कट आहे, आपोआप बंद होतं. मग टाकी मोठी लागेल का? म्हणाला हीच आयुष्यभर पुरेल. आणि तापमान कळणार कसं? त्यावर त्याने चालू टाकीवरचा थर्मामीटर दाखवला, काटा बरोब्बर ३२ वर. बघा, परफेक्ट.

पहिले तीन आठवडे सगळं छान. ठिपक्या (नाव धाकट्या भावाने ठेवलं) रातकिडे खायचा, संध्याकाळी बाहेर यायचा. मग खाणं कमी झालं, मग बंद. मी फोन केला तर म्हणे थंडीत हे झोपतात, नॉर्मल आहे, आणि भुकेचे व्हिटॅमिन ड्रॉप्स घेऊन जा. मी गेले आणि घेऊन आले! खरं तर गेकोची हालचाल थंडीत मंदावू शकते, हे खोटं नाही, पण ते वयात आलेल्या, निरोगी गेकोचं, आणि गारवा असेल तर. माझं पिल्लू होतं आणि टाकी २४ तास गरम. हे मला नंतर कळलं.

मग त्याने कात टाकली ती अर्धवटच निघाली. बोटांवर पांढरे मोज्यासारखे तुकडे तसेच राहिले, आणि त्याला उचलला तर पोटावर गुलाबी चट्टा. तेव्हा मी विकणाऱ्याला फोन न करता सरपटणारे प्राणी बघणाऱ्या व्हेटकडे गेले. पहिल्याच दिवशी जायला हवं होतं.

व्हेटने पोट बघितलं, एक्सरे काढला आणि म्हणाले टाकीचे फोटो दाखवा, बल्बचा बॉक्स असेल तर तोही पाठवा. पोटावरचा चट्टा म्हणजे भाजल्याची जखम. एक्सरेत आतड्यात वाळू. हाडं जेवढी ठळक दिसायला हवीत तेवढी दिसत नव्हती. आणि दोन बोटांची टोकं अडकलेल्या कातीने रक्तपुरवठा तुटून काळी पडलेली, ती नंतर गळून गेलीच.

घरी येऊन मी लेझरवाली इन्फ्रारेड टेंपरेचर गन मागवली, आणि खरी गंमत (गंमत कसली) तिथे कळली. वाळूच्या वर मारली तर ३१. बोटाने वाळू बाजूला करून खालच्या काचेवर मारली तर ४७! वाळूचा जाड थर पांघरुणासारखा बसतो, खालची उष्णता वर येत नाही, काच तापत राहते, आणि गेको तर उबेसाठी उकरून खालीच जाणार ना. काचेच्या वरच्या भागात चिकटवलेला तो गोल थर्मामीटर बिचारा तिथल्या हवेचं आणि काचेचं तापमान दाखवत होता, जमिनीशी त्याचा संबंधच नाही. विकणाऱ्याने मला ३२ दाखवलं ते खोटं नव्हतं, फक्त चुकीच्या जागेचं होतं, आणि माझी खात्री आहे की त्याला हे माहीत होतं. मग दगडावर मारली. एका कोपऱ्यावर ३४, मधे ५१. गेकोला पोटाला ऊब हवी असते म्हणून तो त्यावर बसून राहतो, चटका बसतोय म्हणून वेळेवर उठेलच याचा भरवसा नाही.

आणि ते ऑटो कट? मॅट चालू ठेवून दोन तास बघत बसले, एकदाही बंद झाली नाही. ते साधं चालू-बंदचं बटण होतं आणि लाल दिवा म्हणजे करंट चालू आहे एवढंच. खऱ्या थर्मोस्टॅटला एक वायर असते जिच्या टोकाला प्रोब असतो, तो गरम जागेवर ठेवायचा, तापमान सेट करायचं, तेवढं झालं की तो स्वतः वीज तोडतो. त्यामुळे कोणी ऑटो कट म्हणालं की एकच विचारायचं, प्रोब कुठेय? गप्प बसतात.

बल्बचं प्रकरण तर मला सगळ्यात लागलं. बॉक्सवर मोठ्या अक्षरात ‘डेलाइट’ आणि ‘फुल स्पेक्ट्रम’, सूर्याचं चित्र, सरड्याचं चित्र. यूव्हीबी हा शब्द बॉक्सवर कुठेच नाही. तो फक्त विकणाऱ्याच्या तोंडात होता. खऱ्या यूव्हीबी ट्यूबवर सहसा टक्केवारी किंवा ताकद लिहिलेली असते, लेपर्ड गेकोला ५ ते ७ टक्क्यांची सौम्य ट्यूब चालते कारण तो संध्याकाळ-पहाटेचा प्राणी आहे. शिवाय काचेच्या झाकणावर ठेवली तर उपयोग शून्य, यूव्हीबी काचेतून जात नाही, आणि जाळीसुद्धा बराच भाग अडवते.

आता यात गोम काय तर त्याने दिलेली कॅल्शियम पावडर बिना-डी३ ची (म्हणजे व्हिटॅमिन डी३ नसलेली) होती. मी विचारलं होतं, तर म्हणाला यूव्हीबी असला की डी३ नको, जास्त झालं तर त्रास होतो. वाक्य खरंच आहे! यूव्हीबीने कातडीत डी३ तयार होतं, आणि पावडरीतून भरमसाठ दिलं तर शरीरात साठून अपाय होतो. पण माझ्याकडे यूव्हीबीच नव्हता. म्हणजे ठिपक्याला डी३ ना दिव्यातून मिळत होतं ना डबीतून, आणि डी३ शिवाय कॅल्शियम आतड्यातून नीट शोषलंच जात नाही, मग शरीर हाडांतलं काढायला लागतं. व्हेट म्हणाले आणखी काही महिने गेले असते तर जबडा मऊ पडून पाय वाकले असते. इतकी सफाईदार फसवणूक, एक खरं वाक्य एका खोट्या बल्बला टेकू म्हणून.

कॅल्शियमवाल्या वाळूचंही तेच. ‘खाल्ली तरी पचते’ असं म्हणून विकतात आणि गेको कॅल्शियमच्या चवीने मुद्दाम चाटतात. ती पोटात जाऊन गोळा होते. ठिपक्याचं नशीब की कोमट पाण्यात रोज बसवून आणि औषधांवर निघून गेली, ऑपरेशन टळलं.

मी परत गेले भांडायला. आधी म्हणे तुम्हीच काहीतरी चुकीचं केलं असणार. गनचे फोटो दाखवले तर म्हणे गन खराब आहे. बल्बचा बॉक्स समोर ठेवला तेव्हा म्हणाला मी डेलाइटच म्हणालो होतो, तुम्ही ऐकलंत चुकीचं. बिलावर फक्त ‘गेको किट, १ नग’. एक एक वस्तू लिहून घेतली असती तर यूव्हीबी हा शब्द कागदावर असता, नाही का. एक पैसा परत मिळाला नाही, उलट ‘वाळू वापरलेली आहे, परत घेत नाही’.

नंतर एक मैत्रीण भेटली, तिने त्याच माणसाकडून क्रेस्टेड गेको घेतलेला. तिला पण हेच किट! तोच दगड, तीच वाळू. क्रेस्टेड गेको झाडावरचा प्राणी, त्याला उंच टाकी, फांद्या, रात्री पाण्याचा फवारा, आणि तापमान २२ ते २६, २८ च्या वर गेलं की त्याला त्रास. म्हणजे किट गेकोचं नव्हतंच, गोदामात पडलेल्या मालाचं होतं.

आता काय आहे ते सांगते. टाकी ९० बाय ४५ बाय ४५ सेंटीमीटर. आधीची ५० बाय २५ होती, आणि मोठा झालेला लेपर्ड गेको सहज २० सेंटीमीटरच्या पुढे जातो, म्हणजे वळायला गेला की नाक काचेवर. तळाला सपाट स्लेटच्या फरश्या, आजारी होता तेव्हा नुसता टिश्यू पेपर. एका बाजूला वरून हीटर, थर्मोस्टॅटला जोडलेला, खाली फरशी ३२ ते ३४, दुसरी बाजू २४-२५ च्या आसपास. रात्री प्रकाश पूर्ण बंद, लाल बल्ब पण नाही. लपायला तीन जागा, गरम बाजूला एक, गार बाजूला एक आणि मधे ओल्या मॉसचा एक डबा, झाकणाला भोक पाडून. या डब्यातच तो कात टाकतो. किटमधे लपायची जागा एकही नव्हती, हे लिहिताना आत्ता लक्षात येतंय. मी ते विचारलंच नव्हतं.

ठिपक्याची शेपूट आता पुन्हा जाड झालीये, ते चरबी तिथेच साठवतात. पोटावर फिकट डाग राहिलाय.

जुनी टाकी रातकिडे ठेवायला वापरते. दगड मात्र कचऱ्यात टाकायच्या आधी त्याची वायर मुळापासून कापली, कारण दिसायला एकदम नवा होता, कोणीतरी नक्की उचलून नेला असता.