तर्व्हूरेनचं आफ्रिका म्युझियम: आधी थडगी, मग दालनं

ब्रसेल्सच्या माँगोमरी स्थानकाहून ४४ नंबरची ट्रॅम शेवटच्या थांब्यापर्यंत घ्या. सोमवारी म्युझियम बंद असतं. तिकीट काढण्याआधी गावातल्या चर्चपाशी जा. तिथे सात थडगी आहेत. १८९७च्या प्रदर्शनासाठी, बेल्जियमच्या राजाच्या ताब्यात असलेल्या काँगोतून २६७ माणसं आणली, तळ्याकाठी झोपड्या उभारून प्रेक्षकांपुढे बसवली. थंड, ओल्या उन्हाळ्यात सात जण दगावले. एकिया, किटुक्वा, मिबांगे... घरी परतण्याची वाट इथेच संपली.

मग आत. २०१८ मध्ये नूतनीकरणानंतर उघडलेल्या इमारतीत प्रवेश भुयारी मार्गाने होतो, तिथली साडेबावीस मीटरची एकसंध लाकडी होडी बघाच. पण खरा वेळ राखून ठेवा तो स्मृतिदालनासाठी. भिंतीवर काँगोत मेलेल्या १५०८ बेल्जियनांची नावं कोरलेली आहेत, त्या सात जणांचं एकही नाही. फ्रेडी त्सिम्बा या काँगोलीज कलाकाराने त्यांची नावं समोरच्या काचांवर घातली. ऊन पडलं की त्यांच्या सावल्या त्या भिंतीवरच्या नावांवर सरकत जातात. ढगाळ दिवशी हे दिसत नाही, म्हणून हवामान बघूनच दिवस ठरवा. खनिजं आणि प्राण्यांची दालनं झटपट उरकली तरी चालतील.