कोऱ्या मिनिटांची चादर : पूर्व भागातलं जकार्ड कार्डांचं दुकान

सोलापुरात साखर पेठेकडच्या गल्लीत एक दुकान आहे. बाहेर पाटी नाही, आत एक कॉम्प्युटर आणि जकार्डच्या, म्हणजे छिद्रांनी मागाला नक्षी सांगणाऱ्या पुठ्ठ्याच्या कार्डांच्या थप्प्या. चादरीचं डिझाइन द्यायचं, ते ग्राफवर बसवून कार्डं पंच करून देतात, मागही ओळखीचा बघून देतात. मी डिजिटल माध्यमात काम करते, बहुतेक चौकात आणि रस्त्यावर. कलावंत रफाएल लोझानो-हेमर यांनी २००१ साली रॉटरडॅमच्या चौकात वाटसरूंच्या सावल्यांनी भिंतीवरची चित्रं उघडली, ते काम बघून मी या वाटेला लागले. पण सोलापुरात मला भिंत नको होती, चादर हवी होती.

चार हुतात्मा पुतळ्यांपाशी संध्याकाळी पाच ते आठ बसून मी मिनिटामिनिटाला मोजलं, किती जण थांबून वर बघतात. १२ जानेवारी १९३१ ला फासावर गेलेली ही आपली माणसं. बहुतेक मिनिटं कोरी गेली. ते कोरेपण मला विणून हवं होतं. एक कार्ड म्हणजे विणीची एक आडवी ओळ; एका मिनिटाला चार कार्डं, १८० मिनिटांची ७२०.

दुकानातल्या अण्णांनी फाइल बघितली आणि म्हणाले, "ताई, कोऱ्या कार्डावर कापड होत नाही."

कार्डाला छिद्र असलं तर हूक उचलतो, नसलं तर ताण्याचा, म्हणजे उभा, धागा खालीच राहतो. एकही छिद्र नसेल तर आडवा धागा नुसता लोंबकळतो, कशातही अडकून ओढला जातो. म्हणून रिकाम्या जागेतही ठराविक अंतरावर छिद्रं पाडून धागा बांधावा लागतो. हे एवढं अण्णांनी दोन तास बसून मला दाखवलं, स्वतः टिपके भरले. माझी कोरी मिनिटं त्यामुळे बारीक दाणेदार झाली, आणि खरं सांगते, माझ्या फाइलपेक्षा ती कितीतरी चांगली दिसतात.

जकार्डच्या या कार्डांवरूनच इंग्रज गणिती बॅबेजनं आपल्या गणनयंत्रासाठी कार्डं घेतली. १८९० च्या अमेरिकी जनगणनेत होलेरिथ या संशोधकाच्या यंत्रांनी कार्डांवरच माणसं मोजली. माझ्या आजोबांनी आयुष्यभर मागावर हीच भाषा चालवली, मी ती कॉलेजात कोडिंग म्हणून शिकले. त्यांना हे सांगायचं राहून गेलं.

तक्रारी दोन. सांगितलेल्या तारखेपेक्षा नऊ दिवस उशीर झाला, फोन केल्यावर "उद्या" एवढंच. आणि मोरपंखी रंग मागितला होता, आला त्याहून बराच गडद. पैसे मात्र ठरले तेवढेच घेतले आणि दोऱ्यानं शिवलेली कार्डांची माळ मागितल्यावर देऊन टाकली.

चौकाजवळच्या चहाच्या टपरीशेजारी दोरीवर तीन संध्याकाळी चादर टांगली. माग चालवलेल्या एक मावशी थांबल्या, बोट फिरवत दाणेदार पट्ट्यावर आल्या आणि विचारलं, "इथं कोण नव्हतं का गं?"

जाणार असाल तर चारनंतर जा, त्याआधी अण्णा मागावर असतात. फाइल बीएमपी या चित्रांच्या फॉरमॅटमध्ये न्या, आणि रंगाचा नमुना म्हणून सुताचा तुकडाच द्या, मोबाइलवरचा फोटो नको.