सेनहायझर एमकेएच ४१६ : पावसाळ्यात खरा उतरणारा माइक

कॅमेरा आणि साउंड दोन्ही सांभाळून माहितीपट करणाऱ्यांना पहिला चांगला माइक कोणता घ्यावा असं विचारलं, की सेनहायझर कंपनीच्या ४१६ चं, लांब नळीच्या या शॉटगन माइकचं, नाव हमखास येतं. सोबत कारणही येतं, 'लांबचं उचलतो'. लांबचा आवाज जवळ आणणारा माइक अजून तरी निघालेला नाही. ४१६ बाजूचा गोंगाट कमी घेतो, एवढंच. तरीही आपल्याकडे तो घ्यावाच असं आम्ही म्हणतो, कारण इथली दमट हवा.

साध्या कंडेन्सर (विजेच्या चार्जवर चालणाऱ्या) माइकच्या कॅप्सूलचा, म्हणजे आवाज पकडणाऱ्या भागाचा, रोध प्रचंड असतो. जुलैमध्ये रत्नागिरीत किंवा मालवणात त्यावर ओल बसली की चार्ज गळतो आणि मुलाखतीत मध्येच चरचर, फटफट ऐकू येते. ४१६ ची कॅप्सूल रेडिओ-फ्रिक्वेन्सी सर्किटमध्ये, कमी रोधावर चालते, त्यामुळे ओलीचा त्रास फार कमी. १९७० च्या दशकातलं हे डिझाइन आजही टिकून आहे, त्यात याचा मोठा वाटा आहे. मात्र एसी गाडीतून काढून लगेच लावू नका. बॅगेतच बाहेरच्या तापमानाला येऊ द्या, नाहीतर आतल्या भागांवर पाणी धरतं.

दुसरा गुण सेन्सिटिव्हिटीचा, म्हणजे ठरावीक आवाजाला किती सिग्नल देतो याचा : २५ मिलिव्होल्ट प्रति पास्कल. सिग्नल इतका दमदार मिळाला की कॅमेऱ्याचा गेन (सिग्नल वाढवण्याचं प्रमाण) फार चढवावा लागत नाही आणि स्वस्त प्रीअँपची (माइकचा सिग्नल वाढवणाऱ्या सर्किटची) खुरखुर दबून जाते. माइकचा स्वतःचा नॉइज साधारण १३ डेसिबल. पण हाच दमदार सिग्नल ढोल-ताशाजवळ नडतो. माइक १३० डेसिबलपर्यंत सहन करतो, आणि तेव्हा त्यातून दीड व्होल्टच्या वर सिग्नल बाहेर पडतो. बऱ्याच कॅमेऱ्यांचं माइक इनपुट त्याआधीच फाटतं, म्हणजे सिग्नल न झेपून आवाज विद्रूप होतो. माइकवर पॅड (सिग्नल कमी करणारं बटण) नाही, लो-कटही (खालच्या फ्रिक्वेन्सी कापणारा फिल्टर) नाही. पथकाजवळ माइक आणि कॅमेऱ्याच्या मध्ये सिग्नल २० डेसिबलने कमी करणारा अटेन्युएटर लावा आणि तो ४८ व्होल्ट फॅन्टम (माइकला केबलमधूनच मिळणारी वीज) पुढे जाऊ देणारा आहे ना, ते आधी तपासा. ३२-बिट फ्लोट (लहान-मोठा आवाज नंतर सावरता येणारा) रेकॉर्डर असला तरी इनपुटलाच फाटलेला आवाज परत येत नाही.

बाहेर शूट करताना बूम (माइक लावलेली लांब काठी) वरून, फ्रेमच्या अगदी कडेला, तोंडापासून दोन-अडीच फुटांवर आणि रोख छातीच्या वरच्या भागाकडे. कॅमेऱ्यावर बसवून सहा फुटांवरून घेतलेला आवाज पातळच येणार. नळीवरच्या खाचांमुळे बाजूचा आवाज कापला जातो, पण तो मुख्यतः वरच्या फ्रिक्वेन्सींचा. एसटीची घरघर कापली जात नाही, म्हणून रेकॉर्डरवर ८० हर्ट्झचा लो-कट ठेवा. क्लिप किंवा हात खाचांवर आला की माइकची दिशाच बिघडते.

खोलीत मात्र याच्यावर विसंबू नये. चाळीतली दहा बाय दहाची खोली, फरशी, वर पत्रा : भिंतींवरून परतलेला आवाज खाचांमधून आत शिरतो आणि माणूस डब्यातून बोलल्यासारखा वाटतो. माणसाने मान वळवली की आवाजाचा पोतही बदलतो, एडिटमध्ये जोड लपत नाही. अशा ठिकाणी नळी नसलेला सुपरकार्डिऑइड (मुख्यतः समोरचा आवाज घेणारा) माइक हवा. त्याच घराण्यातला एमकेएच ५० उत्तम, पण महाग. बजेट नसेल तर कपड्याला लावायचा साधा लेपल माइक लावा, आणि घरातल्यांना विचारून पंखा बंद करा.

सोबत मिळणारा फोम घरातल्या पंख्यापुरता. समुद्रकिनारी ब्लिंप (माइकभोवतीचं वारा अडवणारं जाळीदार कवच) आणि त्यावर फर लागतेच, त्यामुळे ब्लिंपचे पैसे माइकच्या किमतीतच धरा. फर भिजली की तीक्ष्ण अक्षरं, विशेषतः 'स' आणि 'श', मंद होतात. कोरडी दुसरी फर जवळ ठेवा.

जुना घेताना शांत खोलीत गेन वर ठेवून पाच मिनिटं रेकॉर्ड करा आणि हेडफोनवर चरचर ऐका. खाचा चेपलेल्या किंवा धुळीने बुजलेल्या नकोत, एक्सएलआरच्या (केबल जोडण्याच्या सॉकेटच्या) पिनांवर हिरवट थर नको. बाजारात नकली ४१६ पुष्कळ आहेत. बिल नसेल तर किंमत कितीही ओढ लावणारी असली तरी सोडून द्या. वर्षातून मोजकेच दिवस बाहेर शूट असेल, तर मुंबईत तो भाड्याने सहज मिळतो.