धरणात जमीन जातेय: थेट खरेदी की निवाडा?

नोटीस आली की पारावर पहिली चर्चा 25 टक्क्यांची. वाटाघाटीने थेट खरेदी दिली, तर मोबदल्यावर 25 टक्के जादा, ही सोय शासनाने 2015 मध्ये केली. समृद्धी महामार्गात जालन्याकडच्या लोकांनी पाचपट घेतले म्हणतात, ते हेच गणित. 2013 च्या भूसंपादन कायद्याने ग्रामीण भागात बाजारभावाची दुप्पट, त्यावर तेवढीच दिलासा रक्कम, झाले चौपट. त्यावर पाव हिस्सा, म्हणजे पाचपट. पैसा लवकर हातात येतो, पण खरेदीखत झालं की वाढीव मोबदला मागायची वाट बंद.

निवाडा म्हणजे सरकार सक्तीने जमीन घेतं आणि मोबदला अधिकारी ठरवतो. त्यात जादा 25 टक्के नाहीत आणि वेळ किती जाईल ते सांगता येत नाही. पण दर पटला नाही तर त्याच कायद्याच्या कलम 64 खाली वाढीव मोबदल्यासाठी अर्ज करता येतो. निवाड्याच्या वेळी हजर असाल तर मुदत फक्त सहा आठवडे. रक्कम उचलतानाच हरकत नोंदवा, नाहीतर मान्य केलं असं धरतात.

मग घ्यायचं काय? माझं मत सात-बारा पाहून. माझ्या मामांच्या रानात विहीर होती, मोसंबीची झाडं फळाला आलेली. सात-बाऱ्यावर मात्र जिरायत. विहिरीची नोंद कधी केलीच नव्हती, कारण तेव्हा गरज कोणाला होती? भाव जिरायतीचा लागला. मामांनी घाईत सही केली होती, त्यामुळे पुढे भांडायला जागाच उरली नाही. कागद आणि रान जुळत असेल तर 25 टक्के खुशाल घ्या. जुळत नसेल तर आधी विहीर, पाइपलाइन, झाडं नोंदवून घ्या, मोजणी आणि पंचनाम्याला स्वतः बांधावर उभे राहा. दुरुस्ती होत नसेल तर निवाडाच बरा.

जमिनीऐवजी जमीन हवी असणाऱ्यांचं गणित वेगळं. राज्याच्या पुनर्वसन कायद्यात त्यासाठी मोबदल्याची 65 टक्के रक्कम सरकारजमा करावी लागते. ज्यांनी पहिला हप्ता लग्नात घातला, त्यांच्या हातून लाभक्षेत्रातलं, म्हणजे धरणाच्या पाण्याखाली भिजणारं, रान गेलं. खरेदीखताआधीच याची लेखी विचारणा करा.

घराचं म्हणाल, तर मी नव्या गावठाणातल्या प्लॉटच्या बाजूने. रोख घेऊन शहरात गेलेला माणूस भावकीला तुटतो. पण गावठाण आधी बघून या, पावसाळ्यात. 18 नागरी सुविधा कागदावर सगळीकडे असतात. नळाला पाणी आणि स्मशानाचा रस्ता बघा. जमीन बुडण्याच्या सहा महिने आधी पुनर्वसन पूर्ण व्हायला हवं, असं 2013 चा कायदा सांगतो. ग्रामसभेच्या ठरावात ही अट घाला.

राहिला प्रकल्पग्रस्त दाखला. सरकारी नोकरीत 5 टक्के समांतर, म्हणजे प्रत्येक प्रवर्गाच्या आतलं, आरक्षण त्यावर मिळतं. थेट खरेदीतही तो मिळणार का, हे लेखी घ्या. आणि तो कोणत्या भावाच्या पोराला द्यायचा, ते सहीआधीच घरात बसून ठरवा.