पेग नळीच्या रुग्णासाठी घरपोच परिचारिका सेवा : ठाण्यातील अनुभव

पक्षाघातानंतर सासूबाईंना गिळता येईना आणि प्रत्येक घोटाला ठसका लागून अन्न श्वासनलिकेत जाण्याची भीती होती. नाकातून जठरात अन्न पोचवणारी राइल्स ट्यूब दीर्घकाळ ठेवणे योग्य नसल्याने डॉक्टरांनी एंडोस्कोपी करून पोटावरच्या छिद्रातून थेट जठरात आहार देणारी पेग नळी बसवली. पुढे घोडबंदर रोडवरील घरी काळजी घेण्यासाठी आम्ही ठाण्यातील एका संस्थेची परिचारिका सेवा घेतली. हा अभिप्राय त्या सेवेविषयी आहे.

सुरुवातीला आलेल्या सिस्टर अत्यंत जाणकार होत्या. त्वचेलगत नळीवर सेंटीमीटरची कोणती खूण येते, हे त्यांनी वहीत लिहून ठेवले आणि रोज ताडून पाहायला सांगितले, कारण खूण बदलली म्हणजे नळी सरकली. नळी जागेवर धरणाऱ्या दोन चकत्यांपैकी बाहेरची चकती कातडीला करकचून टेकवू नये, नाहीतर आतली चकती जठराच्या भिंतीत रुतू शकते, हे त्यांनी चकती हलवून दाखवले. आहार देताना डोके व पाठ ३० ते ४५ अंश उंच ठेवावी, नंतरही तासभर आडवे करू नये, आणि आहाराच्या आधी व नंतर नळीतून सुमारे ३० मिली पाणी सोडावे, ही शिस्त त्यांनी घरातल्या सगळ्यांना लावली. हळूहळू विरघळणाऱ्या गोळ्या कुटून द्यायच्या नसतात, हेही त्यांच्यामुळेच कळले.

त्यांच्या रजेत पाठवलेली मदतनीस मात्र न गाळलेली नाचणीची पेज देऊ लागली. नळी तुंबल्यावर तिने सिरिंजचा दट्ट्या जोराने रेटायला सुरुवात केली, तेव्हा तिला थांबवावे लागले. कोमट पाणी हलक्या हाताने आत-बाहेर केल्यावर नळी मोकळी झाली. संस्थेचे उत्तर काय, तर ‘ती नवीन आहे’! पैसे मात्र प्रशिक्षित परिचारिकेचेच लावले.

माझ्या मते सुरुवातीचे काही आठवडे ही सेवा जरूर घ्यावी, पण केवळ आहार भरवण्यासाठी बारा तासांची पाळी लावणे म्हणजे पैशांची उधळपट्टी आहे. शिकून घेतल्यास ते काम घरचे माणूस नीट करू शकते. करार करताना बदली कोण येणार आणि तिने पेगचे रुग्ण सांभाळले आहेत का, हे लेखी घ्यावे. नळी निघून आली तर काय करणार, हेही विचारावे. छिद्र काही तासांतच आकसू लागते, म्हणून तातडीने रुग्णालय गाठावे लागते. नळी नुकतीच बसवलेली असेल तर ती घरी पुन्हा घालण्याचा प्रयत्न मुळीच करू नये. सिस्टरांना हे पाठ होते, संस्थेच्या कार्यालयात फोन उचलणाऱ्याला नव्हते.