वारसांच्या घराचे कागद करून देणारी सेवा: वंशावळीला पूर्ण गुण, पावतीला कमी

साखर पेठ, भवानी पेठ या भागांत खाली मागाचा कारखाना, वर घर अशा मिळकती अजून आजोबांच्या नावावर आहेत. त्यांची वारसनोंदीपासून खरेदीखतापर्यंतची कामं एकरकमी करून देणाऱ्या सोलापुरातल्या एका दस्तलेखन कार्यालयाबद्दल हे.

सगळ्यात चांगलं म्हणजे वारसांची नावं लागेपर्यंत ते खरेदीदाराकडून इसार घेऊ देत नाहीत. आधी मिळकत पत्रिका (सिटी सर्व्हेचा प्रॉपर्टी कार्ड उतारा), मग वंशावळ. महापालिकेच्या कर उताऱ्यावर नाव चढलं म्हणजे मालकी मिळाली असं होत नाही, हे ते पहिल्याच बैठकीत सांगतात. वंशावळीतून आई आणि आधी वारलेल्या मुलीची मुलं हमखास गळतात, आणि खरेदीदाराच्या वकिलाचं बोट नेमकं तिथंच पडतं. हिंदू कुटुंबात 20 डिसेंबर 2004 पूर्वी रीतसर वाटप झालेलं नसेल, तर वडिलोपार्जित मिळकतीत मुलीचा हिस्सा मुलाइतकाच. वडील 2005 च्या कायदादुरुस्तीआधी वारले असले तरीही. सर्वोच्च न्यायालयानं 2020 मध्ये हे स्पष्ट केलं आहे.

कोर्टाचा दाखला लागलाच तर घरासाठी 1827 च्या मुंबई रेग्युलेशनखालचा वारस दाखला. 1925 च्या भारतीय उत्तराधिकार कायद्याचं उत्तराधिकार प्रमाणपत्र ठेवी आणि शेअरसाठी असतं. चुकीच्या अर्जात कितीतरी महिने जातात. इथं तशी गफलत होत नाही.

हक्कसोडपत्राचा मसुदा उत्तम. बहिणीचं माहेरचं आणि सासरचं नाव 'उर्फ' लावून, तेलुगू आडनाव उताऱ्यावर एक आणि आधारवर दुसरं असेल तर दोन्ही रूपं, चतुःसीमा, सिटी सर्व्हे नंबर आणि हक्क नेमका कोणत्या सहहिस्सेदाराच्या लाभात सोडला ते. वडिलोपार्जित मिळकतीत जवळच्या नात्यात विनामोबदला हक्क सोडला तर मुद्रांक 500 रुपये. नोटरीकडचं हक्कसोडपत्र चालत नाही, दस्त नोंदणीकृतच हवा. बहिणीला पैसे देणार असाल तर 'विनामोबदला' लिहू नका. पुढं भांडण लागलं की तोच शब्द आड येतो.

आता उणिवा. फी, मुद्रांक, नोंदणी शुल्क सगळं एकाच आकड्यात सांगतात. सरकारी रकमेचं चलन वेगळं मागून घ्या. दुसरं, सगळ्या वारसांनी एका भावाला कुलमुखत्यारपत्र द्यावं असा त्यांचा आग्रह असतो. तो मला अजिबात पटत नाही. देणारा वारला की साधारणपणे त्याचं मुखत्यारपत्र संपतं, आणि पैसे एकाच खात्यात गेले की हिशोब कोण मागणार? प्रत्येकाची सही आणि प्रत्येकाचा वेगळा चेक, नंबरासह खरेदीखतात.

कराबाबत सल्ला तोकडा. एकूण किंमत 60 लाख आणि वारस चार, प्रत्येकी 15 लाख, तरी खरेदीदाराला 1 टक्का टीडीएस (पैसे देतानाच कापायचा कर) कापावा लागतो, कारण 50 लाखांची मर्यादा एकूण किमतीला लागते. एखादा वारस परदेशी राहत असेल तर त्याच्यासाठी हा दर नाही. आधी सीए गाठा.

एखादा भाऊ सहीलाच येत नसेल तर इथं पैसे घालू नका. तिथं वाटपाचा दावाच लागतो. मिळकत सोयीनं वाटता येत नसेल आणि निम्मा किंवा जास्त हिस्सा असलेल्यांनी मागणी केली, तर 1893 च्या वाटप कायद्यानुसार कोर्ट विक्रीचा आदेश देऊ शकतं. ती विक्री टाळायची तर बाकीच्यांनी कोर्टानं ठरवलेल्या किमतीला मागणी करणाऱ्यांचा हिस्सा विकत घ्यायचा.